दुधाच्या दाताचा प्राणी

गेल्या महिन्यात मुलीचा पहिला दात पडला. खालचा, मधला. चार दिवस जिभेने हलवत होती आणि एका सकाळी ब्रश करताना तो बेसिनमध्ये पडला, वाहून जायच्या आत मी पकडला. तळहातावर घेतला तर वजन असं काही नाहीच. वरून पांढरा चकचकीत, आणि खाली मुळाच्या जागी नुसती खडबडीत कड, कारण दुधाच्या दाताचं मूळ शरीर स्वतःच हळूहळू विरघळवून टाकतं आणि मगच तो सुटतो. तिने विचारलं, हा परत येणार ना? म्हटलं येणार. आणि तोही पडला तर? मग नाही येणार. हे तिला अजिबात पटलं नाही. मगरीला तर सारखे नवीन येतात, मग आपल्यालाच का नाही?

प्रश्न अगदी बरोबर होता. मगरीला आयुष्यभर नवे दात येत राहतात, बहुतेक सरड्यांनाही. शार्कचं तर विचारूच नका. आपल्याला मात्र दोनच संधी, आणि दाढांना तर एकच. मी तिला तेव्हा काहीतरी उत्तर दिलं, पण तो दात डबीत ठेवताना मला आठवत होता मॉर्गानुकोडॉन, कोट्यवधी वर्षांपूर्वीचा एक चिमुकला प्राणी, जो गेली कित्येक वर्षं माझ्या डोक्यात घर करून बसलाय, आणि ज्याच्याबद्दल कधीतरी नीट लिहायचंय असं मी प्रत्येक वेळी म्हणतो आणि राहून जातं.

तर आधी दातांचंच सांगतो. दात सारखे बदलत राहिले की वरचा आणि खालचा दात एकमेकांत नेमके बसू शकत नाहीत, एक अर्धा उगवलेला, शेजारचा झिजलेला, त्याच्या पलीकडचा पडायला आलेला, असं कायमच चाललेलं असतं. पकडायचं आणि गिळायचं एवढंच करायचं असेल तर त्याने काही बिघडत नाही. पण चावायचं असेल, किड्याचं कडक कवच कात्रीसारखं कापायचं असेल, तर वरच्या दाढेचा उंचवटा खालच्या दाढांमधल्या खाचेत बरोबर बसायला हवा आणि वर्षानुवर्षं तसाच बसत राहायला हवा. म्हणजे दात कमी वेळा बदलायला हवेत. आता इथे अडचण येते ती पिल्लाची. त्याचा जबडा वाढतोय, आणि दात तर वाढत नाहीत, मग लहान जबड्यात मोठ्या जबड्याचे दात बसवायचे कसे? यावरचा तोडगा म्हणजे दूध. पिल्लू जन्मल्यावर काही काळ दातांशिवाय जगू शकतं, तेवढ्यात जबडा बराचसा वाढून घेतो, मग दातांचा एक छोटा संच येतो आणि नंतर कायमचा. आपण 'दुधाचे दात' म्हणतो ना, त्या शब्दात ही अख्खी गोष्ट येते.

मॉर्गानुकोडॉनचे दात असेच एकदा बदलत. सुमारे २० कोटी वर्षांपूर्वी, ट्रायासिकच्या शेवटी आणि ज्युरासिकच्या सुरुवातीला, डायनोसॉर नुकते मोठे व्हायला लागले होते तेव्हा, हा चिचुंद्रीएवढा प्राणी किडे खात फिरत होता. शेपूट सोडली तर हाताच्या पंजात मावेल एवढा. पुढचे दात एकदा पडून पुन्हा यायचे, मागच्या दाढा एकदाच. म्हणजे त्याची पिल्लं बहुधा दूध पीत असणार. दूध काही दगडात टिकत नाही, त्यामुळे हा दातांवरून बांधलेला अंदाज आहे, पण खूप भक्कम अंदाज आहे.

आणि तरीही आजचे बरेच शास्त्रज्ञ त्याला सस्तन म्हणत नाहीत!

सस्तन या शब्दाची फोड शाळेतच कळते, स आणि स्तन. प्राण्यांची वर्गवारी करणाऱ्या लिनियसने १७५८ साली या वर्गाला मॅमेलिया हे नाव दिलं तेही त्याच अर्थाने, त्याआधी तो त्यांना चतुष्पादच म्हणत असे, आणि त्यात माणूस, वटवाघूळ, देवमासा कसे बसवायचे हा प्रश्न होताच. मग पाजणं हीच खूण धरली गेली. आता गंमत बघा, प्लॅटिपसला स्तनाग्रं नसतात, दूध पोटाच्या कातडीतून पाझरतं आणि पिल्लं ते चाटतात, वर ती अंड्यातून बाहेर येतात. पण प्लॅटिपस सस्तन आहे, याबद्दल आज कोणाचं दुमत नाही. आणि मॉर्गानुकोडॉन, ज्याने आपल्या पिल्लांना पाजलं असावं असं त्याचे दात सांगतात, तो दाराबाहेर. मला पहिल्यांदा हे कळलं तेव्हा खरोखर राग आला होता, कोणीतरी घरातल्याच माणसाला ओळख दाखवली नाही की येतो तसा.

तो राग नंतर गेला, पण त्यासाठी आधी जबडा समजून घ्यावा लागला.

हे वाचताना एक करून बघा. कानाच्या छिद्राच्या अगदी पुढे बोट ठेवा आणि तोंड उघडा, मिटा. बोटाखाली काहीतरी सरकतं, तो आपल्या जबड्याचा सांधा. खालच्या जबड्याचं एकुलतं एक हाड कवटीला तिथे जोडलेलं आहे. सरड्याचा खालचा जबडा मात्र एका हाडाचा नसतो, पाच-सहा हाडं मिळून तो बनतो आणि त्याचा सांधा वेगळ्याच दोन हाडांमध्ये असतो. मग आपल्या पूर्वजांकडे असलेली ती दोन हाडं गेली कुठे? तर तुमचं बोट जिथे आहे तिथून एक-दोन सेंटिमीटर आत. ती आता कानात आहेत. हातोडी आणि ऐरण, रिकिबीच्या शेजारी, शाळेत पाठ केलेली.

हे पहिल्यांदा लक्षात आलं ते जीवाश्मांवरून नाही. १८३७ साली रायखर्ट नावाचा जर्मन शरीरशास्त्रज्ञ डुकराचे गर्भ तपासत होता. त्याला दिसलं की कानाची ही दोन हाडं गर्भात जबड्याच्या कूर्चेच्या मागच्या टोकाशी तयार होतात, सरड्यात जिथे जबड्याचा सांधा असतो अगदी तिथे. डार्विनचं पुस्तक यायला तेव्हा अजून २२ वर्षं होती! आपल्याही गर्भात तसंच होतं, काही आठवडे हातोडी आणि ऐरण यांच्यातला सांधा हाच जबड्याचा सांधा असतो आणि मग नवा सांधा तयार होऊन काम हाती घेतो.

पण गर्भात दिसणं वेगळं आणि जगणाऱ्या, खाणाऱ्या प्राण्यात हे होणं वेगळं. शंका अशी होती की मधल्या काळात काय? जुना सांधा सुटलाय आणि नवा अजून जुळला नाही असा प्राणी खाणार कसा, तो तर उपाशी मरेल. वरवर बघता शंका बिनतोड वाटते. मॉर्गानुकोडॉनच्या जबड्यात तिचं उत्तर आहे, आणि ते इतकं साधं आहे की मला पहिल्यांदा चित्र बघून विश्वास बसेना. त्याला दोन्ही सांधे होते. एकाच बाजूला, शेजारी शेजारी. बाहेरच्या अंगाला नवा सांधा, आपल्यासारखा, दणकट, चावण्याचा ताण घेणारा. आतल्या अंगाला जुना सांधा, बारीक झालेला, पण शाबूत. खालच्या जबड्याच्या आतल्या बाजूला एक लांबट खाच आहे, तिच्यात ती जुनी हाडं काडीसारखी पडून आहेत. ती कवटीला जोडलेली होती आणि त्याच वेळी आवाजाची थरथर आत पोचवण्याचं कामही करत होती. म्हणजे हा प्राणी ज्याने चावत होता त्यानेच ऐकत होता. जुनी वाट बंद व्हायच्या आधी नवी वाट चालू झालेली होती, उपाशी कोणीच मेलं नाही.

आता हे सगळं कळलं कसं, तर तीही गोष्ट सांगण्यासारखी आहे. वॉल्टर क्यूने हा जर्मन, कम्युनिस्ट म्हणून नाझी राजवटीत तुरुंगात जाऊन आलेला, महायुद्धाच्या आधी इंग्लंडमध्ये पळून आला. चुनखडीच्या खाणींमध्ये फिरून बारीक बारीक हाडं शोधायची हे त्याचं वेड. सॉमरसेटमध्ये त्याला ऑलिगोकायफस नावाच्या प्राण्याचे भरपूर तुकडे मिळाले. ऑलिगोकायफस आणि त्याच्या जवळच्या प्राण्यांचे दात इतके सस्तनांसारखे की त्यांना अनेकजण सस्तनच समजत होते. मग युद्ध सुरू झालं आणि जर्मन नागरिक म्हणून ब्रिटिशांनी त्यालाच आइल ऑफ मॅनवर स्थानबद्ध केलं. ज्यांच्यापासून पळाला त्यांचाच माणूस म्हणून पकडला गेला. पण काम सुटलं नाही. ऑलिगोकायफसच्या जबड्याचा सांधा जुन्याच पद्धतीचा आहे हे त्याच्या अभ्यासातून स्पष्ट झालं, म्हणजे दात सस्तनांसारखे असूनही तो सस्तन नव्हे. त्यानंतर वेल्समधल्या ग्लॅमॉर्गनच्या एका खाणीतल्या भेगेत त्याला एक दात मिळाला, मोहरीएवढा, कधी न पाहिलेल्या घडणीचा. १९४९ साली त्याने त्या दाताला नाव दिलं मॉर्गानुकोडॉन वॉट्सोनाय. ग्लॅमॉर्गनचा दात असा साधारण अर्थ, आणि वॉट्सन या प्राणिशास्त्रज्ञाचा मान म्हणून पुढचं नाव.

एका दातावर अख्खी प्रजाती! (जीवशास्त्रात प्रजाती म्हणजे जिच्याखाली जाती येतात ती, आपण बोलताना उलटसुलट वापरतो.) पण सस्तनांच्या घराण्यात दात हे जवळजवळ सही असल्यासारखे असतात, उंचवटे किती, कुठे, कोणत्या ओळीत यावरून खूप काही कळतं. मॉर्गानुकोडॉनच्या दाढेवर तीन मुख्य उंचवटे एका सरळ रांगेत असतात, मधला सगळ्यात उंच.

अर्थात एकेका दातावर नावं ठेवली की घोळही होतात. केंब्रिजच्या पॅरिंग्टनने १९४१ सालीच सॉमरसेटमधल्या दोन दातांना इओझोस्ट्रोडॉन असं नाव दिलेलं होतं, आणि त्याचं म्हणणं की क्यूनेचा प्राणी तोच आहे, मग नियमाप्रमाणे आधीचं नाव चालायला हवं. त्यामुळे कित्येक वर्षं एकाच प्राण्याला काही पुस्तकांत एक नाव आणि काही पुस्तकांत दुसरं. शेवटी दोन्ही वेगळे धरले गेले आणि मॉर्गानुकोडॉन हे नाव टिकलं. आपल्याकडे मध्य प्रदेशातल्या टिकीच्या खडकांतही एक दात मिळालाय, गोंडवानाडॉन म्हणतात त्याला, १९९६ साली नाव दिलेलं, तोही याच घराण्याच्या जवळचा मानला गेला. पण एका दाताकडून किती वदवून घेणार.

वेल्समध्ये पुढे नुसता दात राहिला नाही. तेव्हा तो भाग म्हणजे उथळ समुद्रातली छोटी छोटी बेटं, त्याहून कितीतरी जुन्या चुनखडीची, आणि चुनखडीत पाण्याने झालेल्या भेगा आणि गुहा. पावसाबरोबर माती वाहत यायची आणि तिच्याबरोबर मेलेल्या प्राण्यांची हाडं. केनेथ केरमॅक आणि त्याच्या लंडनच्या सहकाऱ्यांनी वर्षानुवर्षं हा भेगेतला माल आणून धुतला, चाळला आणि मायक्रोस्कोपखाली निवडला. मी तांदूळ निवडताना बघत मोठा झालेला माणूस आहे, त्यामुळे ते काम मला डोळ्यांसमोर दिसतं, फक्त इथे खडे टाकायचे नसून हजारो खड्यांतून एक दीड मिलिमीटरची दाढ वेगळी काढायची, आणि ती उडून गेली तर गेलीच. असे हजारो तुकडे जमले. पण सगळे तुकडेच, अखंड कवटी एकही नाही.

अखंड कवटी आली चीनमधून. युन्नानमधल्या लुफेंग इथे १९४८ साली फादर ओलर या कॅथलिक धर्मगुरूंना ती मिळाली, जेमतेम अडीच-पावणेतीन सेंटिमीटरची. ती अभ्यासली हॅरल्ड रिग्नी यांनी, तेही धर्मगुरू, पेकिंगच्या कॅथलिक विद्यापीठाचे प्रमुख. १९५१ मध्ये त्यांना अटक झाली आणि चार वर्षं तुरुंगात काढून १९५५ मध्ये ते सुटले. १९६३ साली त्यांनी या कवटीचं वर्णन छापलं आणि तिला नाव दिलं मॉर्गानुकोडॉन ओलेराय. नंतर केरमॅक यांच्याबरोबर जबड्यावर १९७३ साली आणि कवटीवर १९८१ साली जे सविस्तर लेख आले त्यांत रिग्नींचंही नाव आहे. एक माणूस इंग्लंडमध्ये स्थानबद्ध, दुसरा चीनमध्ये कैदेत, आणि दोघांच्याही हाती एकाच चिमुकल्या प्राण्याचा एकेक धागा. तो प्राणी मात्र वेल्सपासून युन्नानपर्यंत पसरलेला, कारण तेव्हा जमीनच एकसंध होती, मध्ये कोणी कोणाला अडवत नव्हतं. मी हे वाचलं त्या रात्री बराच वेळ झोप लागली नव्हती.

तर आता मूळ भांडण. सस्तन कोणाला म्हणायचं? आधी सोपं वाटत होतं, ज्याचा जबडा नव्या सांध्याने जोडलेला तो सस्तन. या हिशेबाने मॉर्गानुकोडॉन आत, आणि कित्येक वर्षं तो 'पहिला सस्तन' म्हणून पुस्तकांत होताही. पण मग आफ्रिकेतून डायार्थ्रोग्नॅथस आला, नावाचाच अर्थ दोन सांध्यांचा जबडा, आणि तो सस्तनांना मॉर्गानुकोडॉनइतका जवळचा नव्हता. सिम्पसन यांच्यासारखा मोठा अभ्यासक १९५९ मध्ये म्हणत होता की ही सीमा वेगवेगळ्या वंशांनी वेगवेगळी ओलांडली असणार. आज आपल्याला माहीत आहे की कानाची हाडं जबड्यापासून पूर्ण सुटणंही एकाहून जास्त वेळा, वेगवेगळ्या फांद्यांवर झालं. म्हणजे एका हाडावर दार बांधलं तर त्या दारातून कोणीही, कुठूनही येऊ शकतं.

मग १९८८ मध्ये टिमोथी रो या जीवाश्मशास्त्रज्ञांनी वेगळा रस्ता धरला. अवयव बघायचेच नाहीत, नातं बघायचं. आज जिवंत असलेले प्लॅटिपस, कांगारू, माणूस हे सगळे घ्या, त्यांचा सगळ्यात अलीकडचा समान पूर्वज धरा, तो आणि त्याचे सगळे वंशज म्हणजे सस्तन. मॉर्गानुकोडॉनची फांदी त्या पूर्वजाच्या आधीच फुटलेली आहे, म्हणून तो बाहेर. बाहेर म्हणजे लांब नाही हं, त्याच्यासाठी आणि त्याच्या जवळच्यांसाठी मॅमेलियाफॉर्म असं थोडं मोठं वर्तुळ आहे, सस्तनांना पोटात घेणारं. काही अभ्यासक अजूनही जुन्या अर्थाने त्याला सस्तनच म्हणतात, आणि तेही काही अडाणी नाहीत.

मी हल्ली रो यांच्या बाजूचा आहे. नात्याची रेघ निदान मोजता येते आणि ती सगळ्यांना एकच लागू होते. पण त्या रेघेचीही एक गोष्ट मनाला लागून राहते, की ती ठरवली आज कोण जिवंत आहे यावरून. प्लॅटिपस आणि त्याच्यासारखाच अंडी घालणारा एकिडना जर आधीच संपून गेले असते तर ही रेघ आणखी अलीकडे आली असती, आणि तेव्हा आपण प्लॅटिपसच्या जीवाश्मांनाही बाहेरच ठेवलं असतं. मॉर्गानुकोडॉनच्या कुठल्याही आईने आपल्यापेक्षा वेगळ्या वर्गाचं पिल्लू कधीच घातलं नाही. प्रत्येक पिल्लू आईसारखंच होतं.

आणि जसजसं जवळून बघावं तसतसा तो आणखीच मधला निघतो. २०११ मध्ये चीनमधल्या कवटीचे सीटी स्कॅन झाले, त्यात दिसलं की मेंदूचा वास घेणारा भाग त्याच्याही आधीच्या नातेवाइकांपेक्षा चांगलाच वाढलेला, म्हणजे आपल्याकडच्या दिशेने. पण २०२० मध्ये त्याच्या दातांच्या मुळांवर अतिशय तीव्र क्ष-किरणांनी अभ्यास झाला. दाताच्या मुळावर सिमेंटमचा थर दरवर्षी चढतो, झाडाच्या खोडातल्या वलयांसारखा, त्या रेषा मोजल्या तर वय कळतं. काही मॉर्गानुकोडॉन १४ वर्षांपर्यंत जगलेले निघाले. एवढ्याशा आकाराचे आजचे चिचुंद्रीसारखे सस्तन एक-दोन, फार तर तीन वर्षं जगतात, कारण ते सतत तापलेले, सतत खाणारे, भरभर जळून जाणारे. म्हणजे मॉर्गानुकोडॉनचं शरीर अजून सरड्यांच्या संथ चालीवर चालत होतं. दात आपले, मेंदू आपल्या वाटेवर, जबडा अर्धा अर्धा, आणि रक्ताचा वेग अजून जुना. आपल्याला ज्या सगळ्या गोष्टी एकत्र एका पॅकेजमध्ये आल्या असं वाटतं त्या एकेक करून, लाखो वर्षांच्या अंतराने आल्या. दुधाच्या दातांचंही तसंच, २०२२ मध्ये ब्राझीलच्या ब्राझिलोडॉनचेही दात एकदाच बदलत होते असं प्रसिद्ध झालं, आणि तो आणखी दोन कोटी वर्षं जुना.

मला ती १४ वर्षं फार आवडतात. दगडातला प्राणी म्हटलं की आपण त्याला एक क्षण समजतो, सापडला तो क्षण. पण याने १४ पावसाळे काढले असतील त्या बेटांवर, रात्री बाहेर पडून भुंगेऱ्यांची कवचं कराकरा चावत, आणि ती चावण्याची खरखर त्याच्या त्याच हाडांतून त्याला ऐकू येत होती. त्याच्या दातांवरचे सूक्ष्म ओरखडे आजच्या कीटक खाणाऱ्या वटवाघळांच्या दातांशी ताडून बघितले गेलेत, आणि तो कडक कवचाचे किडे खात होता हे त्यातूनच कळलं. त्याच बेटांवर राहणारा दुसरा एक छोटा प्राणी मऊ किडे खायचा. त्याचं नाव क्यूनेओथेरियम, क्यूनेच्या नावावरून ठेवलेलं.

काल मुलीने तोंड उघडून दाखवलं, नवा दात डोकावतोय. अजून पूर्ण आलेला नाही, नुसती धार वर आलीय, आणि ती धार सरळ नाही, तिच्यावर तीन बारीक उंचवटे आहेत एका रांगेत. नव्याने आलेल्या पुढच्या दातांवर असे असतात, नंतर झिजून जातात, मॉर्गानुकोडॉनच्या दाढेवरच्या तिनांशी यांचा काही संबंध नाही हे मला माहीत आहे. या उंचवट्यांना दंतवैद्य मॅमेलॉन म्हणतात. फ्रेंच शब्द आहे, अर्थ स्तनाग्र. मी टॉर्च धरून बराच वेळ बघत राहिलो, शेवटी ती म्हणाली बाबा पुरे, तोंड दुखतंय, आणि तिने तोंड मिटलं.